दहा डॉलरचं बोटर कार्ड आणि जेट स्कीवाल्याचा उरलेला अभ्यास

१ जानेवारी २०२५ पासून कॅलिफोर्नियात इंजिनाची होडी चालवणाऱ्या प्रत्येकाजवळ बोटर कार्ड, म्हणजे होडी चालवायचा कोर्स पास झाल्याचं राज्याचं कार्ड, असावं लागतं. २०१८ मध्ये हा नियम आला तेव्हा तो वीस वर्षांपर्यंतच्या पोरांपुरता होता. पुढे दरवर्षी वयाची रेघ वर सरकत गेली, २०२४ मध्ये साठीला टेकली आणि आता ती रेघच राहिलेली नाही. जेट स्की ही कायद्याच्या लेखी होडीच. तेरा फूट किंवा त्याहून आखूड, इंजिनावर चालणारी आणि आत न बसता वर बसून, उभं राहून किंवा गुडघे टेकून चालवायची अशी तिची व्याख्या आहे. सी-डू असो, यामाहाची वेव्हरनर असो की जिच्या नावावरून सगळ्यांनाच जेट स्की म्हणतात ती कावासाकी असो, नियम एकच.

फ्रीमाँट, सनीव्हेल, सॅन रमोनच्या मराठी घरांत आता ट्रेलरवरची जेट स्की दिसू लागली आहे, म्हणून या कार्डाचं परीक्षण मराठीत. पाचपैकी साडेतीन तारे. कार्ड स्वस्त आहे, एकदाच काढायचं आहे, त्यामागचा कोर्स वाया जाणारा नाही. दीड तारा कापला तो अशासाठी, की रॅम्पवर (होडी पाण्यात उतरवायच्या उतारावर) किंवा पाण्यात जेट स्कीवाल्याला ज्या चुकांसाठी तिकीट मिळतं त्यातल्या बऱ्याच गोष्टी हे कार्ड खिशात असूनही करायच्या राहून जातात.

पैशांचं आधी सांगू. कार्डाची फी १० डॉलर. ते आयुष्यभर चालतं, नूतनीकरण नाही. कार्डाशिवाय सापडलात तर पहिल्या वेळी १०० डॉलरपर्यंत दंड, दुसऱ्यांदा २५०, त्यानंतर ५००, आणि त्यावर कोर्टाचं शुल्क वेगळं. कोर्सचा खर्च कार्डाच्या फीत धरलेला नाही, आणि इथेच लोक फसतात. शोधयंत्रात सगळ्यात वर येतात त्या बोट-एड, बोटरएक्झाम यांसारख्या पैसे घेणाऱ्या सेवा. त्या मान्यताप्राप्त आहेत, त्यात खोट काही नाही, पण कार्डासाठी पैसे भरून कोर्स करावाच लागतो हा समज चुकीचा. बोटयूएस फाउंडेशनचा फुकट ऑनलाइन कोर्स आहे, खुद्द राज्याच्या डिव्हिजन ऑफ बोटिंग अँड वॉटरवेजचा घरी अभ्यास करून द्यायचा कोर्स आहे, आणि वर्गात बसून शिकायचं असेल तर कोस्ट गार्ड ऑक्झिलरीचे स्वयंसेवक शिकवतात. वर्गात प्रश्न विचारता येतात हा त्याचा मोठा फायदा. ज्यांनी आयुष्यात होडी हाकलेली नाही त्यांनी शक्य असेल तर वर्गच निवडावा. पैसे कुठेही भरण्याआधी राज्याच्या यादीत त्या कोर्सचं नाव आहे ना, एवढं बघा. यादीबाहेरचं प्रमाणपत्र कितीही देखणं असलं तरी कार्डाच्या अर्जाला चालत नाही.

अर्ज करायची रीत सोपी आहे. कोर्स करा, परीक्षा पास व्हा, प्रमाणपत्र घ्या आणि मग राज्याच्या बोटर कार्डाच्या संकेतस्थळावर वेगळा अर्ज करून १० डॉलर भरा. 'वेगळा' हा शब्द महत्त्वाचा. परीक्षा पास झाल्याचा निरोप आला की काम संपलं असं समजून बरेच जण तिथेच थांबतात. कोर्सवाल्यांचं प्रमाणपत्र म्हणजे कार्ड नव्हे. दुसरी अडचण खास आपली, नावाची. पासपोर्टवर वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव मधल्या नावात, ड्रायव्हिंग लायसन्सवर ते पहिल्या नावाला चिकटलेलं, आणि कोर्सला नाव नोंदवताना आपण घाईत नुसतं नाव-आडनाव टाकलेलं. प्रमाणपत्र आणि अर्ज यांवरचं नाव जुळलं नाही की अर्ज अडकतो. कोर्सच्या पहिल्या पानावरच लायसन्सवर आहे तसं नाव घाला. अक्षर न् अक्षर.

आता कोर्स कसा आहे ते. पाण्यातल्या वाहतुकीचे नियम तो नीट शिकवतो. दोन इंजिनाच्या होड्यांचे मार्ग एकमेकांना छेदत असतील तर जी तुमच्या उजव्या हाताला आहे तिला वाट द्यायची. समोरासमोर आलात तर दोघांनीही उजवीकडे वळायचं. मागून ओलांडणाऱ्याने पुढच्याला सांभाळायचं. समुद्राकडून बंदराकडे येताना लाल बोये उजव्या हाताला ठेवायचे. शिडाच्या होडीला आणि वल्ह्यांच्या कयाकला वाट सोडायची. हे सगळं चित्रांसकट येतं आणि लक्षातही राहतं. फक्त काही ऑनलाइन कोर्सांत प्रत्येक पानाला ठरावीक वेळ बांधून दिलेली असते. पान वाचून झालं तरी घड्याळ संपेपर्यंत पुढे जाता येत नाही. त्यामुळे रविवारी सकाळी झील गाठायची असेल तर शनिवारी रात्री कोर्स उघडून बसू नका.

जेट स्कीवरचा भाग मात्र मोठ्या होड्यांच्या मानाने आटोपशीर आहे, आणि ज्या एका गोष्टीने जेट स्कीचे अपघात होतात तिला त्यात हवी तेवढी जागा मिळत नाही. ती गोष्ट अशी. जेट स्कीला सुकाणू नसतं. पोटाखालून पाणी ओढून इम्पेलर (आतला पंखा) ते मागच्या तोंडातून जोरात फेकतो, आणि हँडल फिरवलं की ते तोंड डावी-उजवीकडे वळतं. म्हणजे वळायला पाण्याचा झोत हवा आणि झोताला थ्रॉटल हवा. समोर अचानक काही आलं की रस्त्यावर गाडी चालवणाऱ्याची बोटं आपसूक थ्रॉटल सोडतात, आणि त्याच क्षणी जेट स्की वळायची थांबते. हँडल पूर्ण फिरवलेलं असतं आणि यंत्र सरळ त्या होडीवर जातं. वळून वाट काढायची तर थ्रॉटल थोडा धरून ठेवावा लागतो. हे वाचून कळतं, पण हाताला कळायला मोकळ्या पाण्यात वीस-पंचवीस वेळा करून बघावं लागतं. सी-डूने २००९ पासून ब्रेक दिला, यामाहाचीही तशी यंत्रणा आहे. पण जुन्या आणि अगदी स्वस्त यंत्रांत ती नसते, आणि सेकंडहँड बाजारात विकली जातात ती बहुतेक तीच.

उलटी झालेली जेट स्की सरळ कशी करायची हे कोर्स सांगतो, पण त्यामागचं कारण सांगत नाही. मागच्या बाजूला बाणाचं स्टिकर असतं. त्याच दिशेने फिरवायची. उलट दिशेने फिरवली तर एक्झॉस्टमध्ये साठलेलं पाणी इंजिनात उतरतं आणि पुढची दुरुस्ती हजारांत जाते. ते स्टिकर उन्हाने उडालेलं असेल तर मॅन्युअलमध्ये दिशा बघून परमनंट मार्करने बाण काढून ठेवा. मागे बसणाऱ्यांसाठीही एक इशारा यंत्रावरच छापलेला असतो आणि तो सहसा कुणी वाचत नाही. मागे तोल जाऊन झोतासमोर पडलं तर पाण्याच्या दाबाने शरीराच्या आतल्या भागाला इजा होते. म्हणून साध्या पोहण्याच्या कपड्यांऐवजी वेटसूटची चड्डी घालावी असं निर्माताच सांगतो. कायद्याची सक्ती नाही, पण सगळ्यांत मागे बसणाऱ्यासाठी तरी घ्याच.

तर कार्ड झालं. आता उरलेला अभ्यास.

पहिलं काम डीएमव्हीत, म्हणजे राज्याच्या वाहन खात्यात. जेट स्कीची नोंदणी तिथेच होते. सेकंडहँड घेतलीत तर बोट १०१ हा अर्ज भरावा लागतो, त्यावरचा बारा अक्षरी हल नंबर (यंत्राचा ओळख क्रमांक) यंत्रावर कोरलेल्याशी ताडून घ्या. आकडा जुळत नसेल किंवा खरवडलेला दिसला तर सौदा तिथेच सोडा. कॅलिफोर्नियात होड्यांची नोंदणी दर विषम वर्षाच्या ३१ डिसेंबरला संपते, मग ती तुम्ही जानेवारीत केलेली असो की सप्टेंबरात. म्हणून सम वर्षाच्या हंगामात स्वस्तात मिळालेल्या जेट स्कीवर चालू स्टिकर दिसलं तर पुढच्या वर्षअखेर नूतनीकरण येणार हे धरून चाला. नोंदणीचा कागद पाण्यात जाताना बरोबर असावा लागतो. घरी तिजोरीत ठेवला तर उपयोग नाही. झिपच्या प्लास्टिक पिशवीत घालून तो ग्लव्ह बॉक्समध्ये ठेवायचा. ट्रेलर हा वेगळा प्राणी, त्याची नोंदणी आणि नंबर प्लेट वेगळी.

सीएफने सुरू होणारा नोंदणी क्रमांक दोन्ही बाजूंना, पुढच्या अर्ध्या भागात, किमान तीन इंच उंचीच्या ठसठशीत अक्षरांत आणि रंगाला उठून दिसेल असा लावावा लागतो. काळ्या यंत्रावर गडद निळी अक्षरं लावून लोक रेंजरला आमंत्रण देतात. मधल्या आकड्यांच्या दोन्ही बाजूंना एका अक्षराइतकी मोकळी जागा किंवा आडवी रेघ हवी. सलग चिकटवलेला क्रमांक नियमात बसत नाही. वर्षाचं स्टिकर क्रमांकाच्याच ओळीत, त्याच्या मागे तीन इंचांवर. नव्या यंत्राच्या अंगाला वॅक्स असतं आणि त्यावर लावलेली अक्षरं दोन फेऱ्यांत गळतात. आधी आयसोप्रोपाइल अल्कोहोलने पुसा, पूर्ण वाळू द्या, आणि लावल्यावर एक दिवस पाण्यात नेऊ नका.

गोड्या पाण्यात जाणार असाल तर आणखी एक स्टिकर लागतं, मसल फी स्टिकर. फक्त समुद्रात चालवणाऱ्यांना त्यातून सूट आहे. मसल म्हणजे शिंपला. २०२४ च्या ऑक्टोबरात स्टॉकटनच्या बंदरात गोल्डन मसल सापडला, उत्तर अमेरिकेत पहिल्यांदाच. गोव्यात ज्यांचं सुकं मोठ्या चवीने खातात त्या शिणाण्यांचा हा भाऊबंद, पण याला खायला कुणी नाही. तो धरणांचे पाइप आणि पंप बुजवतो. तेव्हापासून जलाशयांचे नियम कडक झाले आहेत, आणि तेही प्रत्येक ठिकाणचे वेगळे. फोल्सम लेकने यंत्र सील करून ३० दिवस कोरडं ठेवायची पद्धत आणली. दुसऱ्या झिलीत बुडवून आणलेलं यंत्र सील नसेल तर रॅम्पवरून परत पाठवतात आणि त्यावर वाद घालण्यात अर्थ नसतो. जेट स्कीच्या पोटात, पंपात आणि थंड करणाऱ्या नळ्यांत पाणी राहतंच. बाहेर काढल्यावर मागची ड्रेन प्लग दोन्ही उघडा, ट्रेलरचं नाक वर करा, इंजिन काही सेकंदच चालवून उरलेलं पाणी उडवा, सीट काढून तळ पुसा. पाण्याबाहेर इंजिन जास्त वेळ चालवलं तर तापून सील जातात, म्हणून मॅन्युअलमधली मर्यादा पाळा. शनिवारी डेल्टा (स्टॉकटनजवळचा नद्यांचा त्रिभुज प्रदेश) आणि रविवारी फोल्सम असा बेत आता जमत नाही, जलाशय एकच निवडा आणि निघायच्या आदल्या दिवशी त्याच्या पानावरचे ताजे नियम वाचा. कुठल्याही कोर्सात हे नसतं, असूही शकत नाही, कारण हे नियम महिन्या-महिन्याला बदलतात.

आता यंत्रावर काय हवं. अग्निशामक सगळ्यात जास्त विसरला जातो. 'उघड्यावर तर बसतो, आग कसली' असं वाटतं, पण इंजिन आणि पेट्रोलची टाकी सीटखाली बंद जागेत असतात. तटरक्षक दलाच्या मान्यतेचा एक लागतो, आणि २०१८ किंवा नंतरच्या मॉडेलसाठी त्यावर ५-बी (आग विझवायच्या क्षमतेची खूण) असंच लिहिलेलं हवं, जुन्या बी-१ खुणेवर भागत नाही. २० एप्रिल २०२२ पासून एकदाच वापरायच्या सिलिंडरांना उत्पादनापासून बारा वर्षांची मुदत आहे. तळाशी किंवा लेबलवर वर्षाचे दोन आकडे कोरलेले असतात, ते बघा. काटा हिरव्यात असूनही सिलिंडर बाद ठरतो तो यामुळे. सेकंडहँड यंत्रासोबत फुकट आलेला अग्निशामक तर बघायलाच हवा, कारण २०१७ मध्ये किडे (Kidde) या अग्निशामक बनवणाऱ्या कंपनीने प्लास्टिकच्या मुठीचे कोट्यवधी अग्निशामक परत मागवले होते आणि त्यातले काही अजून फिरत असतात.

लाइफ जॅकेट जेट स्कीवरच्या प्रत्येकाच्या अंगात हवं, डब्यात नव्हे. मोठ्या होडीवर तेरा वर्षांखालच्या मुलांनाच ते घालायची सक्ती असते, पण 'मी मोठा आहे, पोहता येतं' हे वाक्य इथे चालत नाही. हवा भरून फुगणारी सडपातळ जॅकेटं दिसायला बरी, पण बहुतेकांच्या लेबलवरच लिहिलेलं असतं की जेट स्कीसाठी नाही. वेगात पाण्यावर आपटल्यावर ती फुगायला जो वेळ लागतो तोच नेमका आपल्याकडे नसतो. फोमचं, आपटण्याचा मारा सोसणारं, तीन-चार बकलांचं घ्या. खांदे धरून वर उचललं आणि ते हनुवटीपर्यंत आलं तर माप मोठं आहे. त्याच जॅकेटला एक शिट्टी बांधा. आवाजाचं साधन असावं असा नियम आहे आणि जेट स्कीला हॉर्न नसतो. दोन डॉलरच्या शिट्टीवर हा नियम भागतो.

किल स्विचची दोरी चालकाच्या मनगटाला किंवा जॅकेटला जोडलेली असलीच पाहिजे. राज्याचा हा नियम जुना आहे, आणि एप्रिल २०२१ पासून छोट्या होड्यांसाठी केंद्राचाही आहे. चालक पडला की इंजिन थांबावं एवढाच तिचा उद्देश. काही महाभाग ही दोरी यंत्रालाच गुंडाळतात, म्हणजे पडल्यावर यंत्र पुढे निघून जातं आणि आपण पोहत मागे. त्यात ते यंत्र मोकाट फिरत दुसऱ्या कुणावर जातं, हे तर त्याहून वाईट.

दिवा-बत्तीचा प्रश्न येत नाही, कारण रात्री चालवायचीच नाही. सूर्यास्तानंतर अर्ध्या तासापासून सूर्योदयाआधी अर्ध्या तासापर्यंत बंदी. स्वतः दिवे लावून घेतले तरी बंदी उठत नाही. मावळत्या सूर्याचे फोटो काढत बसण्याआधी रॅम्प किती दूर आहे ते बघा. पेट्रोलच्या हिशेबातही हेच तत्त्व ठेवायचं. एक तृतीयांश जायला, एक तृतीयांश यायला, उरलेलं राखीव.

वागण्याचे नियम थोडे आहेत पण त्यांची मापं पाठ हवीत. पोहणाऱ्यापासून १०० फुटांच्या आत आणि पोहायचा किनारा, तरंगता फलाट किंवा होड्या लागायचा धक्का यांच्यापासून २०० फुटांच्या आत ताशी ५ मैलांपेक्षा जास्त वेग नाही. रिकाम्या थ्रॉटलवर यंत्र जे पुढे सरकतं तेवढाच हा वेग समजा. दुसऱ्या होडीच्या लाटेवर १०० फुटांच्या आत उडी मारायची नाही. सगळ्यांत जास्त मोह होतो आणि सगळ्यांत जास्त तक्रारी जातात त्या यासाठीच. माणसांवर मुद्दाम पाणी उडवणं आणि एकमेकांवर चाल करून शेवटच्या क्षणी वळणं हेही गुन्ह्यात मोडतं. आपल्या दोघा मित्रांनी आपसात केलं तरी. दारूची मर्यादा गाडीइतकीच, ०.०८ टक्के, आणि एकवीसखालच्यांना ०.०१. उन्हात, डुलत्या पाण्यात दोन बिअर जमिनीवरच्या तिनांसारख्या चढतात.

अपघाताच्या कळवणीबद्दल बहुतेकांना काहीच माहीत नसतं. प्रथमोपचारापलीकडे कुणाला इजा झाली तर ४८ तासांत, आणि फक्त नुकसान असेल तर ते ५०० डॉलरवर गेल्यास १० दिवसांत राज्याला लेखी कळवायचं असतं. जेट स्कीच्या अंगाला फुटाची भेग गेली की ५०० डॉलर सहज ओलांडतात, त्यामुळे 'आपसात मिटवलं' म्हणून सुटका होत नाही. विमा काढायची राज्याची सक्ती नाही, पण काढावा. समोरच्याच्या मोडलेल्या पायाचं बिल या देशात घर विकायला लावू शकतं.

कुठे जायचं हा विषय तर स्वतंत्रच आहे. बे एरियातल्यांना वाटतं समुद्र दारातच आहे. पण मरीन काउंटीने १९९९ मध्ये आपल्या किनाऱ्यालगत जेट स्कीवर बंदी घातली आणि २००२ मध्ये अपील कोर्टातही ती टिकली. उत्तरेकडे ग्रेटर फॅरॅलोन्स अभयारण्यात बहुतेक ठिकाणी बंदी. दक्षिणेला मॉन्टेरे बे अभयारण्यात हाफ मून बे, सांताक्रूझ, मॉस लँडिंग आणि मॉन्टेरे या बंदरांबाहेर आखलेल्या चार पट्ट्यांतच वर्षभर परवानगी. समुद्री ऊदमांजरं आणि पक्षी यांच्यासाठी हे आहे. किनाऱ्यावरून सुंदर दिसणारा बहुतेक समुद्र आपल्यासाठी बंदच समजा. लिव्हरमोरचं लेक डेल व्हॅले घराजवळ पडतं, पण तिथे वेग ताशी १० मैलांवर जाऊ द्यायचा नसतो. डेल्टा, बेरीएसा, डॉन पेड्रो, शास्ता ही खरी मैदानं.

लेक टाहोचा वेगळा उल्लेख हवा. तिथे पाण्यात उतरण्याआधी यंत्राची तपासणी सक्तीची आहे, २००८ पासून. कार्ब्युरेटरची टू-स्ट्रोक यंत्रं १९९९ पासून चालत नाहीत. त्यामुळे नव्वदच्या दशकातली स्वस्त जुनी जेट स्की घेऊन टाहोला गेलात तर नुसता घाट चढून आल्याचं पुण्य मिळेल. किनाऱ्यापासून ६०० फुटांपर्यंत वेग ५ मैल, आणि एमराल्ड बे तर सगळीच संथ. झिलीचा साधारण एक तृतीयांश भाग नेव्हाडात आहे. तिथे १ जानेवारी १९८३ किंवा त्यानंतर जन्मलेल्यांना शिक्षणाचा दाखला लागतो, तेव्हा कार्ड बरोबर असलेलं बरं.

आता या सगळ्या व्यवस्थेतली गंमत. भाड्याची जेट स्की चालवणाऱ्याला हे कार्ड लागत नाही. स्वतःचं यंत्र घेऊन, कोर्स करून, नोंदणी करून येणाऱ्यावर सक्ती आणि आयुष्यात पहिल्यांदा, तासाच्या भाड्याने बसणाऱ्याला सूट. भाडेवाल्यांच्या धंद्याचा विचार करून ही सूट दिली असावी, पण पाण्यावर सगळ्यांत अडाणी हात नेमके तेच असतात. आपल्याकडे कळंगुटला किंवा तारकर्लीला जेट स्की घेतली की भाडेवाल्याचा पोरगा मागे बसतो आणि खरा थ्रॉटल त्याच्याच हातात असतो. त्या अनुभवावर 'मला येते' म्हणून टाहोत एकट्याने भाड्याची जेट स्की घेणारे आपले लोक भरपूर. भाड्यानेच घ्यायची असली तरी आधी फुकटचा कोर्स करा, कार्ड काढू नका हवं तर. आणि पैसे भरण्याआधी दुकानात तीन गोष्टी विचारा: यंत्र बिघडलं तर ओढून आणायचे पैसे कुणाचे, ठेव किती आणि ती कशा-कशापोटी कापतात, आणि यंत्रावर आधीच असलेले ओरखडे कागदावर लिहून देणार का. लिहून देत नसतील तर निघायच्या आधी चारही बाजूंनी व्हिडिओ काढा, तळासकट.

मागे दोरीला ट्यूब बांधून मुलांना ओढायचं असेल तर चालकाशिवाय मागे बघणारा एक जण लागतो, वय किमान बारा. म्हणजे चालक, बघणारा आणि ट्यूबवरचा मिळून तिघं झाले. ट्यूबवरच्याला वर घ्यायची वेळ आली तर यंत्र तिघांच्या वजनाचं हवं. दोघांच्या छोट्या यंत्रावर हा उद्योग करू नये. पडलेला माणूस पाण्यात असताना फूटभर चौरस लाल किंवा नारिंगी झेंडा वर धरायचा असतो. बहुतेकांकडे तो नसतोच.

सुट्टीत पुण्याहून आलेल्या भाच्याला चालवायला द्यायची का, हा प्रश्न दर उन्हाळ्यात येतो. अंगावर जबाबदारी घेऊन द्यायची असेल तर कायद्यात वाट आहे. कार्डधारक, अठरा पूर्ण असलेली व्यक्ती त्याच यंत्रावर बसून लक्ष ठेवत असेल तर कार्ड नसलेल्याला चालवता येतं. भाचा सोळाच्या आतला पण बाराच्या वरचा असेल तर अठरा वर्षांवरचा माणूस त्याच यंत्रावर असल्याशिवाय चालत नाही. बाराच्या आतल्याला १५ अश्वशक्तीवरचं काहीही चालवता येत नाही आणि बाजारातली सगळ्यांत छोटी सी-डू स्पार्कही ६० अश्वशक्तीची असते. तेव्हा मांडीवर बसवून हँडल हातात द्यायचं नाही. चालवू देणाराही दोषी धरला जातो.

मागे बसून लक्ष ठेवणाऱ्याने एक तयारी करून जावं. किल स्विचची दोरी भाच्याच्या मनगटाला असते. तो पडला की दोरी त्याच्याबरोबर जाते, इंजिन बंद पडतं आणि तुम्ही वाऱ्याने लांब सरकणाऱ्या मुक्या यंत्रावर बसलेले असता. सी-डूत त्या दोरीतच किल्ली असते आणि ती त्या यंत्राला जुळवलेली असते, दुसऱ्या कुणाची लावून चालत नाही. जुळवून घेतलेली दुसरी दोरी ग्लव्ह बॉक्समध्ये ठेवा, नोंदणीच्या कागदाच्याच पिशवीत.